सिव्हिलनंतर पर्यावरण अभियांत्रिकीत संशोधन करावं का? घरी सांगायचंय, सल्ला हवा

ओढ्याकाठची

नमस्कार मंडळी. मी शिरोळ तालुक्यातली, सिव्हिलच्या शेवटच्या वर्षाला आहे. घरी अडीच एकर ऊस आणि दोन म्हशी. कॉलेजमधून पुण्याच्या एका बांधकाम कंपनीत साइट इंजिनिअर म्हणून निवड झालीय, जूनमध्ये रुजू व्हायचंय. पप्पा खूश आहेत. आईचं म्हणणं, नोकरी करत करत एमपीएससी दे.

माझ्या मनात दुसरंच आहे. उन्हाळ्यात पंचगंगेचं पाणी काळं पडताना मी लहानपणापासून बघतेय. तेरवाड बंधाऱ्याजवळ मेलेल्या माशांचा खच पडतो, पेपरात फोटो येतात, पाण्याचे नमुने नेले जातात, आणि पुढच्या उन्हाळ्यात परत तेच. २०१२ साली इचलकरंजीत काविळीची साथ आली तेव्हा मी तिसरीत होते. माझी मावशी तिथे राहायची. सव्वा महिना ती अंथरुणाला खिळून होती आणि आई रोज इकडून उकळलेल्या पाण्याचा कॅन पाठवायची.

तिसऱ्या वर्षाला प्रॅक्टिकलमध्ये पाण्यातला विरघळलेला प्राणवायू मोजायला शिकवला. ब्युरेटमधून थेंब थेंब पडत असतो आणि एका थेंबाला निळा रंग जातो. त्या दिवसापासून मला हेच करावंसं वाटतंय. पण सीनियर म्हणतात, या क्षेत्रात फक्त रिपोर्ट टाइप करायचे असतात. एमटेक, पीएचडी केली तर पुढे खरं काम मिळतं का? तोवर खायचं काय? एमटेकच्या प्रवेशाची गेट परीक्षा कोणत्या विषयातून द्यावी? आणि पप्पांना कसं सांगू? ज्यांनी हे केलंय त्यांनी कृपया मनापासून लिहा.

व्यवहारी

मी एमटेक पर्यावरण, २०१५. कन्सल्टन्सीत तीन वर्षं काढली. एका प्रकल्पाचा अहवाल उघडायचा, गावाचं नाव बदलायचं, नकाशा बदलायचा, पुढचा अहवाल तयार. एकदा कोकणातल्या प्रकल्पाच्या अहवालात विदर्भातल्या झाडांची यादी तशीच राहिली आणि ती कुणाच्या लक्षातही आली नाही. मी बाहेर पडलो, आता सॉफ्टवेअरमध्ये आहे. तुला घाबरवायचं नाही, पण हातातली नोकरी सोडण्याआधी दहा वेळा विचार कर.

मुरघास

ओढ्याकाठची, तुझं वाचल्यावर लिहायला बसल्याशिवाय राहवेना. मी वाळवा तालुक्यातली, वय ४१. प्रेसमडपासून, म्हणजे साखर कारखान्यातल्या गाळापासून, बायोगॅस करणाऱ्या एका प्रकल्पात प्रक्रियेचं काम बघते. त्याआधी पीएचडी, त्याआधी एमटेक, आणि सगळ्याच्या आधी दोन वर्षं एका डिस्टिलरीच्या सांडपाणी प्रक्रिया केंद्रावर नोकरी. तिथूनच सुरुवात करते, कारण माझं पुढचं सगळं तिथे ठरलं.

२००६ साल. रुजू होऊन तिसरा आठवडा, आणि माझ्या हातात लॉगबुक आलं. रोजच्या तारखेसमोर बीओडीचा, म्हणजे पाण्यातली घाण कुजवताना जंतू किती प्राणवायू ओढतात त्याचा, आकडा: २८, २९, २८, २७. मी नमुने ठरलेल्या तापमानाला ठेवायचा इन्क्युबेटर उघडला. तो बंद होता आणि आत कुणाचा तरी जेवणाचा डबा ठेवलेला होता. बीओडीची चाचणी आपल्याकडे २७ अंशांना ३ दिवस चालते. आज घेतलेल्या नमुन्याचा आकडा आजच संध्याकाळी वहीत कसा येईल? वरिष्ठांना विचारलं तर म्हणाले, "मॅडम, आकडा तिसाच्या आत असला म्हणजे झालं." मी त्या वहीवर कधी सही केली नाही, दुसरं कुणीतरी करायचं. पण वही रोज माझ्याच टेबलावर पडलेली असायची. गेट द्यायचं मी त्याच टेबलावर ठरवलं.

व्यवहारी यांनी लिहिलंय ते खरं आहे. या क्षेत्रात खोटे आकडे आणि नक्कल केलेले अहवाल आहेत, भरपूर आहेत. म्हणूनच खरं मोजणारी माणसं इथे हवीत असं मला वाटतं, आणि असं माणूस मिळालं की त्याला कुणी सहजासहजी सोडत नाही, हा माझा अनुभव आहे.

आता संशोधन म्हणजे रोज उठून काय करायचं असतं ते सांगते, कारण हे कुणी सांगत नाही.

उसाचा रस निवळून गाळला की जो गाळ उरतो तो प्रेसमड. १०० टन उसामागे साधारण ३ ते ४ टन. तुमच्या शेतातही तो पडत असेल. त्यापासून गॅस होतो हे जुनंच ज्ञान. अडचण अशी की गाळप हंगाम असतो चार-पाच महिन्यांचा आणि गॅसचा प्रकल्प बारा महिने चालवावा लागतो. ढीग उघड्यावर ठेवला की आतून तापतो, थंडीत पहाटे त्यातून वाफा निघताना दिसतात. जंतूंना खायला द्यायचा जो सहज कुजणारा भाग, तो तिथेच उघड्यावर कुजून संपतो. मे महिन्यात आपण टाकीत घालतो ते बरंचसं चोथाच असतं.

माझ्या पीएचडीचा विषय मला काकांच्या गोठ्यात सापडला. काका मक्याचा मुरघास करायचे: कुट्टी खड्ड्यात भरायची, ट्रॅक्टर फिरवून दाबायची, हवा शिरणार नाही असं झाकायचं. आत आंबट होतं आणि सहा महिने टिकतं. मी मार्गदर्शकांना म्हटलं, प्रेसमडचा मुरघास केला तर? ते म्हणाले, "कर, पण रोज मोजायचं." त्या "रोज मोजायचं"ने साडेसहा वर्षं घेतली.

१० लिटरच्या चार टाक्या, भोवती ३७ अंशांचं पाणी. सकाळी साडेसातला ठरलेलं वजन बाहेर काढायचं, तेवढंच आत घालायचं, गॅस मोजायचा, पीएच बघायचा. रविवार नाही, गणपती नाही. जंतूंना सुट्टी नसते. पहिलं वर्ष छान गेलं. दुसऱ्या दिवाळीत मी भाऊबीजेला घरी जायचं म्हणून दोन दिवसांचं खाद्य एकदम घालून गेले. परत आले तर दोन टाक्या आंबलेल्या. पीएच ५.८, गॅस जवळजवळ बंद, खोलीभर व्हिनेगरसारखा वास. मुरघास मुळातच आम्लधर्मी, त्यात मी दुप्पट घातला. आम्ल तयार करणारे जंतू भराभर वाढतात, मिथेन करणारे सावकाश. मधे आम्ल साचत गेलं आणि मिथेनवाले त्यातच गारद झाले.

सहा आठवडे गेले त्या दोन टाक्या परत उभ्या करायला. खाद्य बंद, मोजून मापून सोडा, शेणाच्या गोबरगॅसमधला जिवंत गाळ आणून थोडा थोडा घालायचा. पण त्या सहा आठवड्यांत मला जे कळलं ते चांगल्या वर्षात कळलं नव्हतं. पीएच फार उशिरा बोलतो. पाण्यातली बायकार्बोनेटची आम्ल पचवायची ताकद संपेपर्यंत तो जागचा हलत नाही, आणि हलतो तेव्हा बरंच नुकसान झालेलं असतं. आधी बिघडतं ते आम्ल आणि क्षारता यांचं प्रमाण. तेव्हापासून मी ते रोज मोजते, आज मोठ्या टाकीवरही मोजते. मागच्या हंगामात एकदा त्या प्रमाणावरूनच मी खाद्य निम्म्यावर आणलं. पीएच तेव्हा ७.१ होता आणि शिफ्टची मुलं माझ्याकडे बघत राहिली. चार दिवसांनी तोही उतरला, पण तोवर टाकी सावरली होती.

माझ्या प्रबंधाचा निकाल म्हणशील तर मुरघासाने फायदा झाला, आशा होती त्याच्या निम्मा. तसंच लिहिलं. तोंडी परीक्षेत परीक्षकांनी सगळ्यात जास्त वेळ त्या आंबलेल्या टाक्यांवरच घेतला.

एक हिशेब आत्ताच पाठ कर, जन्मभर उपयोगी पडेल. सीओडी म्हणजे पाण्यातली घाण रसायनांनी पूर्ण मोडायला जितका प्राणवायू लागतो तो आकडा. १ किलो सीओडी पूर्ण मोडला तर जास्तीत जास्त ३५० लिटर मिथेन मिळू शकतो. कुणी याहून जास्त दाखवत असेल, आणि ते कुणी म्हणजे तू स्वतः असलीस तरी, आधी मीटर तपासायचा. घरगुती सांडपाण्याचा सीओडी लिटरला ५०० मिलिग्रॅमच्या आसपास असतो, मळीवर चालणाऱ्या डिस्टिलरीच्या स्पेंटवॉशचा, म्हणजे तिथल्या सांडपाण्याचा, लाखाच्या घरात. आपल्या भागात किती ऊर्जा नाल्यात आणि शेतात जाते याचा अंदाज यावरून बांध.

दुसरी गोष्ट जिवाची आहे. प्रेसमडमध्ये गंधक असतं, कारण रस निवळायला कारखान्यात चुन्याबरोबर गंधकाचा धूर वापरतात. हवाबंद टाकीत त्याचा हायड्रोजन सल्फाइड होतो. थोडा असला की सडक्या अंड्याचा वास येतो. जास्त झाला की नाकच बधिर होतं आणि वास गेला असं वाटतं. वास थांबला म्हणजे गॅस गेला, असं समजून माणसं टाकीत उतरतात आणि परत येत नाहीत. गॅस डिटेक्टर कमरेला असल्याशिवाय कुठल्याही टाकीच्या तोंडाशी वाकायचं नाही, मग सांगणारा कितीही मोठा साहेब असो.

आणि सीओडीच्या चाचणीत पारा आणि क्रोमियम असतो. ते उरलेलं पाणी बेसिनमध्ये ओतणाऱ्या पर्यावरणाच्या प्रयोगशाळा मी बघितल्यात. तू वेगळा कॅन ठेव.

पैशाचं. गेटवर एमटेकला महिना १२,४०० रुपये मिळतात. माझी पीएचडीची फेलोशिप १६,००० ला सुरू झाली होती. आता जेआरएफ, म्हणजे पीएचडीच्या सुरुवातीची फेलोशिप, ३७,००० आहे, दोन वर्षांनी ४२,०००, घरभाडं वेगळं. यात एकटीचं भागतं. पण पैसे दर महिन्याला वेळेवर येतीलच असं धरू नकोस; माझे एकदा पाच महिने अडकले होते आणि मैत्रिणीने मेसचं बिल भरलं होतं. गेटमध्ये २०२१ पासून पर्यावरण विज्ञान आणि अभियांत्रिकी हा स्वतंत्र पेपर आहे. तू सिव्हिलची आहेस, सिव्हिलच्या पेपरातही पर्यावरणाचा भाग असतो. दोन्ही अभ्यासक्रम शेजारी ठेवून बघ. नागपूरची पर्यावरण संशोधन संस्था नीरी, मुंबई आयआयटीचा पर्यावरण विभाग, व्हीजेटीआय यांची संकेतस्थळं नियमित बघत जा. नीरीत प्रकल्पांवर ठराविक मुदतीच्या जागा निघतात. पीएचडीत उडी घेण्याआधी अशा जागेवर एक वर्ष काढलंस तर हे काम आपल्याला सोसतं का ते कळेल.

सोसणं हा शब्द मुद्दाम वापरला. हे काम ओलं, वासाचं आणि अतिशय सावकाश आहे. मला ते फार आवडतं.

डेल्फ्टकर

मुरघासताईंच्या आंबलेल्या टाक्यांवरून एक गोष्ट आठवली, मी राहतो त्या नेदरलँड्समधल्या डेल्फ्टची. काही दशकांपूर्वी इथल्या यीस्ट कारखान्याच्या सांडपाण्याच्या एका प्रायोगिक संयंत्रात नायट्रोजनचा हिशेब जुळेना. प्राणवायू नसलेल्या टाकीत अमोनिया नाहीसा होत होता, आणि तेव्हाच्या समजुतीप्रमाणे तसं होत नसतं. मोजमापात चूक असेल म्हणून ते सोडून देणं सोपं होतं. त्यांनी सोडलं नाही. त्यातून प्राणवायूशिवाय अमोनिया संपवणारे अ‍ॅनामॉक्स जंतू सापडले आणि आज अमोनियाने भरलेलं सांडपाणी कितीतरी कमी हवा फुंकून साफ होतं. असं काहीतरी असावं हे एका ऑस्ट्रियन शास्त्रज्ञाने १९७७ मध्येच निव्वळ ऊर्जेच्या हिशेबावरून मांडलं होतं.

परदेशाचा विचार असेल तर: नेदरलँड्समध्ये पीएचडी ही बहुतेक वेळा नोकरीच असते, साधारण चार वर्षांचा करार, पगार, सुट्ट्या. जागांची जाहिरात निघते आणि मुलाखत होते. मुलाखतीत मला मार्कांबद्दल एकच प्रश्न आला. बाकी पाऊण तास, माझ्या एमटेकच्या रिअ‍ॅक्टरमध्ये काय बिघडलं आणि मी काय केलं, यावर गेला. मी कराडचा आहे, इंग्रजी तेव्हा यथातथाच होतं.

निवृत्त_उपअभियंता

जीवन प्राधिकरणात ३१ वर्षं काढली. मुली, तुला दोन-तीनच गोष्टी सांगतो.

पीएचडी कर, जरूर कर. पण त्याआधी एका चालू मैलाशुद्धीकरण केंद्रावर महिनाभर जा. जाळीपासून गाळ वाळवायच्या वाफ्यांपर्यंत पाण्यामागून चालत जा, पंप कुठे बसतो, व्हॉल्व्ह कुठे अडकतो ते बघ. एक लिटरचा मोजपात्र घे, वायुवीजन टाकीतलं, म्हणजे हवा फुंकतात त्या टाकीतलं, पाणी भर आणि ३० मिनिटं समोर बसून राहा. गाळ कसा बसतो, वर पाणी नितळ येतं की गढूळ, हे बघून जुना ऑपरेटर सांगतो की टाकीचं पोट बरं आहे की बिघडलंय. आमच्या केंद्रावर सातवी शिकलेले एक ऑपरेटर होते. प्रयोगशाळेचा अहवाल यायच्या दोन दिवस आधी त्यांचं निदान तयार असे. त्यांच्याकडून मी जे शिकलो ते पदवीत शिकलो नव्हतो.

या सगळ्या पद्धतीची सुरुवातही अशीच आहे. १९१४ साली मँचेस्टरमध्ये आर्डर्न आणि लॉकेट या दोघांनी बाटलीतल्या मैलापाण्यात हवा सोडली. पाणी साफ झाल्यावर खाली बसलेला गाळ त्यांनी फेकला नाही, त्यावरच पुढचं मैलापाणी ओतलं. प्रत्येक खेपेला कमी वेळ लागू लागला. आज जगभर चालतं ते त्या न फेकलेल्या गाळावर.

आणि आपल्याकडची माणसं विसरू नकोस. अप्पासाहेब पटवर्धनांनी कणकवलीच्या गोपुरीत मैल्याचं सोनखत करून दाखवलं, लोक जवळ उभे राहायला तयार नव्हते तेव्हा. डॉ. मापुसकर १९५९ मध्ये देहूच्या दवाखान्यात वैद्यकीय अधिकारी म्हणून आले. पोटाच्या रोगांना औषध देत बसण्यापेक्षा संडास बांधणं गरजेचं आहे हे त्यांनी ओळखलं आणि संडासाला जोडलेल्या गोबरगॅसवर आयुष्य घातलं. मरणोत्तर पद्मश्री मिळाली २०१७ ला. ते डॉक्टर होते, अभियंते नव्हते. तुझ्याकडे तर पदवी आहे.

ओढ्याकाठची

सगळ्यांचे खूप आभार. मुरघासताई, तुमचं लिहिलेलं मी आईला वाचून दाखवलं. मुरघासाचं ऐकून पप्पा पण येऊन बसले आणि विचारायला लागले की प्रेसमड झाकून ठेवला तर शेताला चालतो का. मग मी हळूच विषय काढला. ते काही बोलले नाहीत. थोड्या वेळाने एवढंच म्हणाले, "मासे रात्रीतच का मरतात गं? सकाळी बघावं तर तरंगत असतात." मला नीट सांगता आलं नाही.

कंपनीला कळवायला अजून सहा आठवडे आहेत. तोवर मी काय करू शकते?

मुरघास

पप्पांचा प्रश्न पहिल्या दर्जाचा आहे. दिवसा पाण्यातलं शेवाळ उन्हात प्राणवायू सोडतं. रात्री ते सोडायचं थांबतं, उलट स्वतःच ओढायला लागतं, आणि खालचा कुजणारा गाळ तर चोवीस तास ओढत असतो. म्हणून प्राणवायू सगळ्यात कमी होतो तो सूर्य उगवायच्या जरा आधी. नदीवर केंदाळ, म्हणजे जलपर्णी, पसरलं असेल तर दिवसाही हाल, कारण खाली ऊन पोचत नाही. माशांसाठी लिटरला ४ मिलिग्रॅम तरी लागतो असं आपल्याकडचं प्रमाण आहे. नमुना घेणारे येतात सकाळी अकराला. तोवर पाणी बरंचसं सावरलेलं असतं.

तर सहा आठवड्यांचं काम हे. नदीवर एकटी जाऊ नकोस, तुझ्या नावातला ओढा आहेच. कॉलेजच्या प्रयोगशाळेतून ३०० मिलिलिटरच्या बीओडीच्या बाटल्या आणि रसायनं सरांच्या परवानगीने मागून घे. दिवस निघायच्या आधी एकदा आणि दुपारी तीनला एकदा, त्याच जागी, त्याच खोलीवर. बाटली पाण्याखाली भरायची, बुडबुडा राहू द्यायचा नाही, मँगनीजचं आणि आयोडाइडचं द्रावण तिथेच काठावर घालून प्राणवायू बांधून टाकायचा. मग घरी आणून टायट्रेशन केलंस तरी चालेल. पाण्याचं तापमान लिही, आदल्या दिवशी पाऊस झाला का ते लिही. पेनाने लिही, पेन्सिलने नको.

ओढ्याकाठची

आज पहिला नमुना घेतला. सरांनी सहा बाटल्या दिल्या, परत आणायच्या अटीवर. साडेपाचला मी निघाले तर पप्पा बॅटरी घेऊन दारात उभे. म्हणाले, अंधारात ओढ्यात साप असतो. मी बाटली भरेपर्यंत त्यांनी उजेड धरला, आणि द्रावण घातल्यावर तपकिरी साका बसायला लागला तो वाकून बघत राहिले. हा रंगच प्राणवायूचा का, असं विचारलं. मी म्हटलं, हो, तो जितका गडद तितका प्राणवायू जास्त. दुपारच्या बाटलीतला साका सकाळच्यापेक्षा कितीतरी गडद आला, ते त्यांनीच आधी ओळखलं.

सकाळच्या बाटलीचं टायट्रेशन करताना माझा हात घाईने सुटला. निळा रंग कुठल्या थेंबाला गेला ते कळलंच नाही, आकडा दोन-तीन दशांश तरी पुढे गेला असणार. दुपारचं नीट जमलं. वहीत दोन्ही लिहिलेत, आणि सकाळच्यासमोर "शेवटचा थेंब चुकला" असं लिहिलंय, पेनाने. उद्या परत पाच वीसला जाणार आहे. पप्पांनी बॅटरी चार्जिंगला लावलीय.